आधी पॉड, मग मासा : वाचकांचे प्रश्न, ताईची उत्तरं

मागच्या अंकात मी ओघात एक वाक्य लिहून गेले होते, की रीफ टँकमधल्या, म्हणजे कोरल (प्रवाळ) असलेल्या खाऱ्या पाण्याच्या टँकमधल्या, माशांसाठी कोपेपॉड, म्हणजे पाण्यातले कवचधारी बारीक जीव, थोडक्यात पॉड, घरीच एखाद्या बरणीत वाढवता येतात. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आलीयेत की हा अख्खा अंक त्यालाच देतेय. बरेच प्रश्न सारखे होते म्हणून एकत्र केलेत, आणि जिथे पत्र लांब होतं तिथे मुद्द्याचं तेवढंच ठेवलंय.

प्रश्न : ताई नमस्कार. दोन महिन्यांपूर्वी शंभर लिटरचा रीफ टँक लावला आणि पंधरा दिवसांपूर्वी हौसेने हिरवा मँडरिन मासा आणला. तो फ्रोजन खाद्य तोंडात घेतो आणि लगेच थुंकतो. पोट आत गेल्यासारखं दिसतंय. दर आठवड्याला पॉडची बाटली आणून ओततोय पण दोन दिवसांनी काचेवर एकही पॉड दिसत नाही. घरी पॉड वाढवायला सुरुवात कशी करू, आणि तोपर्यंत माशाचं काय करू?

आधी माशाचं बोलू, कारण पॉडचं कल्चर उभं राहायला तीन-चार आठवडे जातात आणि तुमच्या माशाकडे तेवढा वेळ नाहीये. आजच टँकच्या आत एक जाळीचा डबा लटकवा, मासा त्यात हळूच घ्या, आणि दिवसातून तीन-चार वेळा जिवंत आर्टेमियाची (खाऱ्या पाण्यातल्या कोळंबीसारख्या बारीक जीवाची) पिल्लं ड्रॉपरने त्याच्या तोंडासमोर सोडा. मोकळ्या टँकमध्ये सोडलीत तर बाकीचे मासे आधी फडशा पाडतात आणि मँडरिन बघतच राहतो, कारण तो झडप घालणारा मासा नाहीच. तो खडकावर टुणटुण करत हिंडतो, एका जागी थांबतो, डोळे फिरवून नीट बघतो आणि मग तोंड पुढे काढून एक टोच मारतो. मग पुढची जागा. असं दिवसभर चालू असतं. एकदा पोटभर खायला घालून ठेवलं आणि झालं, हा प्रकार या माशात नाही, त्याची रचनाच सतत थोडं थोडं टिपण्याची आहे. डब्यात असताना पोट रोज बाजूने आणि समोरून बघा. चार-पाच दिवसांत भरत नसेल तर ज्याचा टँक जुना आहे, खडक भरपूर आहेत, अशा कोणाकडे तरी मासा द्या. वाईट वाटेल, पण द्या. माझा पहिला मँडरिन मी असाच हट्टाने ठेवून घेतला होता, रोज वाटायचं उद्या खाईल, आणि तो उद्या आलाच नाही. त्याला बरीच वर्षं झाली तरी मी अजून कोणालाही पहिलं हेच सांगते, की आधी पॉड, मग मासा.

आता तुमच्या बाटल्या कुठे गेल्या ते सांगते. दोन महिन्यांचा टँक म्हणजे खडक अजून कोरे आहेत, त्यांच्यावर शेवाळाचा आणि जिवाणूंचा जो पातळ थर बसतो तो नीट बसलेला नाही, म्हणजे पॉडला खायला नाही. त्यात बाटलीत बहुतेक वेळा टिग्रिओपस असतो, लालसर, मोठा, सहज दिसणारा. तो पाण्यात मोकळा पोहतो म्हणून माशांना लगेच सापडतो. खाऊ म्हणून उत्तम, पण टँकमध्ये वस्ती करून राहणारा नव्हे. वस्ती करतो तो टिस्बे, जो एक मिलिमीटरपेक्षाही लहान, फिकट, आणि खडकाच्या भेगांत नि वाळूत सरपटणारा. तिसरा अपोसायक्लॉप्स, त्याची पिल्लं पाण्यात तरंगतात म्हणून कोरलनाही मिळतात आणि लहान माशांनाही, आणि त्याची पैदास बरीच झपाट्याने होते. तुमच्यासारख्याला मी सांगेन की टँकमध्ये टिस्बे सोडा, बरणीत टिग्रिओपस वाढवा. टिग्रिओपस कॅलिफोर्निकस हा मूळचा उत्तर अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावरच्या खडकांतल्या डबक्यांमधला. भरतीचं पाणी उडून तिथे साचतं, मग उन्हात तापतं, आटून खारट होतं, पाऊस पडला की गोडं होतं, आणि हा बिचारा सगळं सहन करतो. नवशिक्याच्या हातून होणाऱ्या चुका सहन करणारा याच्याइतका दुसरा पॉड नाही.

बरणीचं असं करा. चार-पाच लिटरची रुंद तोंडाची स्वच्छ बरणी किंवा बादली घ्या, साबण कधीही न लागलेली. आरओ पाण्यात मीठ मिसळून घनता साध्या पाण्याच्या 1.020 ते 1.025 पट ठेवा. टँकचं पाणी वापरायचा मोह होतो पण वापरू नका, त्यातून नको ते पाहुणे येतात. एअर पंपाची नळी नुसती आत सोडा, टोकाला एअर स्टोन लावायचा नाही, कारण बारीक फेसासारखे बुडबुडे पिल्लांच्या अंगाला अडकतात आणि ती वर तरंगून मरतात. मोठा बुडबुडा, सेकंदाला एक-दोन, बस्स. हीटर नको, घरात आपल्याला बरं वाटतं ते त्यांनाही चालतं. खाद्य म्हणून फायटोप्लँक्टन, म्हणजे पाण्यात तरंगणारं सूक्ष्म शेवाळ, पाणी फिकट पोपटी दिसेल इतकंच, आणि ते पाणी पुन्हा पारदर्शक होईपर्यंत पुढचं खाद्य नाही. यात घाई केली की काय होतं ते खालच्या प्रश्नात आहेच. बरणीवर पाण्याच्या पातळीला मार्करने रेघ मारा आणि पाणी उडून खाली गेलं की साध्या आरओ पाण्याने रेघेपर्यंत भरा, मिठाच्या पाण्याने नाही, कारण उडतं ते फक्त पाणी, मीठ आतच राहतं.

तीन-चार आठवड्यांनी टॉर्च मारल्यावर बरणी अक्षरशः खदखदताना दिसेल. मग आठवड्याला पाव हिस्सा पाणी काढायचं, बारीक चाळणीतून गाळायचं, वर राहिलेले पॉड टँकला, आणि बरणीत तेवढंच ताजं पाणी. साधारण शंभर-दीडशे मायक्रॉनच्या (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) चाळणीत मोठे अडकतात आणि पिल्लं खाली जातात, ती पिल्लं परत बरणीत टाका, तीच तुमची पुढची पिढी. टँकमध्ये सोडताना रात्री दिवे बंद झाल्यावर, पंप थोडा वेळ थांबवून, नळीने खडकांच्या मागे तळाशी सोडा. भर उजेडात वरून ओतले तर तळाला पोचायच्या आतच संपतात.

प्रश्न : माझी पॉडची बादली दीड महिना मस्त चालली होती, इतके पॉड की पाणी हलताना दिसायचं. परवा सकाळी बघितलं तर तळाला पांढरा थर, पाण्याला घाण वास, आणि हलणारं काहीच नाही. आदल्या रात्री तर मी उलट जास्तीचं खाद्य दिलं होतं. काय चुकलं?

ते जास्तीचं खाद्यच. वाईट वाटून घेऊ नका, मायेपोटीच होतं हे, बादली भरभरून दिसायला लागली की आपल्याला वाटतं आता यांना जास्त लागत असेल.

होतं काय, की न खाल्लेलं शेवाळ रात्रीत मरतं, खाली बसतं, जिवाणू त्याच्यावर तुटून पडतात आणि तेच जिवाणू पाण्यातला ऑक्सिजन खाऊन टाकतात. वरून गर्दी जास्त, म्हणजे ऑक्सिजन लागणारेही जास्त. सकाळपर्यंत खेळ संपलेला असतो. कुजक्या अंड्यासारखा वास आला तर समजायचं की तळाला ऑक्सिजन पूर्ण गेलेला आहे आणि ती बादली टँकच्या जवळही न्यायची नाही.

पण एक गोष्ट नक्की तपासा, तो पांढरा थर म्हणजे सगळे मेलेले पॉड असतीलच असं नाही. कोपेपॉड अंड्यातून बाहेर आल्यापासून मोठा होईपर्यंत अकरा वेळा कात टाकतो, आधी नॉप्लियसच्या (अगदी लहान पिल्लाच्या) सहा अवस्था, मग कोपेपोडाइटच्या (मोठ्या पिल्लाच्या) पाच, आणि मग पूर्ण वाढ. हजारो पॉड आणि प्रत्येकाच्या अकरा काती, म्हणजे भरलेल्या बादलीच्या तळाला पांढरा भुगा साचणारच. चमचाभर भुगा काळ्या बशीत घेऊन भिंगाखाली बघा. नुसती पोकळ पारदर्शक टरफलं असतील तर ती कात. आत लाल किंवा राखाडी ऐवज भरलेला आणि अंग वाकडं झालेलं असेल तर मेलेला जीव.

आणि बादली अजून फेकली नसेल तर वरचं पाणी, तळ न ढवळता, नळीने काढून बारीक चाळणीतून गाळा, साधारण पन्नास मायक्रॉनच्या, म्हणजे पिल्लंही अडकतील. चाळणी ताज्या मिठाच्या पाण्याच्या भांड्यात उलटी करून धुवा, आणि त्या भांड्यात तीन दिवस काहीही खायला घालू नका, फक्त हवा. मी अशा मेलेल्या वाटणाऱ्या बादलीतून डझनभर पॉड वाचवलेत आणि महिन्याभरात त्यांची बरणी भरलीये. एकच अंडीवाली मादी वाचली तरी पुरे असते.

पुढच्या वेळेपासून तीन बरण्या ठेवा, एक मोठी नको. प्रत्येकीवर चिकटपट्टी लावून सुरू केल्याची तारीख लिहा. दर दोन-तीन आठवड्यांनी सगळ्यात जुनी बरणी पूर्ण गाळायची, धुवायची, आणि नव्या पाण्यात पुन्हा सुरू करायची. नळ्या आणि चाळण्या प्रत्येकीच्या वेगळ्या, निदान मधे गरम पाण्याने धुऊन वाळवलेल्या तरी. कारण क्रॅश, म्हणजे अख्खी वस्ती एकदम मरणं, नेहमी खाद्यानेच होतो असं नाही, कधी कधी रोटिफर किंवा सिलिएट असे सूक्ष्म जीव घुसतात, ते पॉडचं खाद्य खाऊन टाकतात आणि चाळणीवरून एका बरणीतून दुसरीत जातात. तीनही एकदम गेल्या असं माझ्या बाबतीत एकदाच झालंय, आणि तेव्हा तीनही बरण्यांना मी एकच ड्रॉपर वापरत होते.

प्रश्न : पॉड सोडल्यावर स्किमर (फेसातून घाण काढणारं यंत्र) आणि यूव्ही (पाण्यातले जंतू मारणारा दिवा) किती वेळ बंद ठेवायचे? कायमचे काढून टाकू का?

काढू नका. सोडल्यानंतर रात्रभर दोन्ही बंद, सकाळी चालू. पॉड तोवर खडकात शिरलेले असतात. फिल्टर सॉक (पाणी गाळायची पिशवी) किंवा बारीक फ्लॉस (गाळायचा कापूस) लावत असाल तर तोही रात्रीपुरता काढा, खरं तर जास्त पॉड त्यातच अडकतात. आणि सम्पमध्ये (टँकला जोडलेल्या गाळणीच्या टाकीत) जागा असेल तर एक कप्पा केटोमॉर्फासारख्या समुद्री शेवाळासाठी ठेवा, खाली थोडे खडकाचे तुकडे रचा, त्याचा दिवा टँकचे दिवे बंद असताना लावा. तिथे मासे नाहीत, म्हणजे पॉड निवांत वाढतात आणि पाण्याबरोबर थोडे थोडे टँकमध्ये येत राहतात. हे रिफ्युजियम नीट बसायला काही महिने लागतात, पण बसलं की तुमचं अर्धं काम तेच करतं.

प्रश्न : ताई, फायटोप्लँक्टन वाढवणं झेपत नाही, एकतर हिरवं होत नाही नाहीतर दोन दिवसांत पांढरं पडतं. त्यापेक्षा यीस्ट किंवा स्पिरुलिना पावडर घालून पॉड वाढवले तर चालेल ना? जगतात तर!

जगतात हे खरंय. पण आपण पॉड वाढवतो ते जगवायला नाही, माशाला खायला घालायला, आणि पॉडच्या पोटात जे जातं तेच पुढे माशाच्या अंगी लागतं. हे एकदा डोळ्यांनी बघा म्हणजे पटेल. दोन बरण्या लावा, एकीत शेवाळ, एकीत नुसतं यीस्ट. शेवाळावरचे टिग्रिओपस छान केशरी-लाल होतात, यीस्टवरचे हळूहळू फिकट, जवळजवळ पांढरट पडत जातात. तो लाल रंग म्हणजे ॲस्टाझँथिन, आणि शेवाळातल्या रंगद्रव्यांपासून पॉड तो स्वतः तयार करतो. यीस्टमध्ये ते कच्चं सामानच नाही. समुद्री माशाला लागणारी लांब साखळीची ओमेगा-थ्री चरबी, डीएचए आणि ईपीए, तीही यीस्टमध्ये नाही. टिग्रिओपस आणि टिस्बे यांच्यात लहान साखळीच्या चरबीपासून थोडंफार डीएचए बनवायची ताकद आहे म्हणून त्यांचं निभावतं, पण तेवढ्यावर विसंबू नये. आणि यीस्टने पाणी फार पटकन खराब होतं, हा वेगळाच ताप.

स्पिरुलिना त्या मानाने बरी, अडीअडचणीला चालते. पण चिमूटसुद्धा नाही, टाचणीच्या टोकावर मावेल तेवढीच, कपभर पाण्यात चांगली घोळवून, गाळून, वरचं हिरवं पाणी तेवढं थेंबाथेंबाने. दोन दिवस पाणी गढूळ राहिलं तर जास्त झालं.

आता फायटो का पांढरं पडतं. माझा अनुभव असा की दहापैकी आठ वेळा कारण एकच असतं, फायटोची बाटली आणि पॉडची बरणी एका टेबलावर शेजारी शेजारी ठेवलेली असते. बुडबुडा फुटला की तुषार उडतो, त्या तुषारातून एक रोटिफर किंवा एखादं पॉडचं पिल्लू बाटलीत पडलं की ते फुकटच्या जेवणावर बसतं, आणि आठवड्याभरात हिरवं पाणी स्वच्छ. म्हणून फायटो वेगळ्या खोलीत ठेवा, निदान वरच्या फळीवर आणि झाकण लावून. सकाळी आधी फायटोचं काम, मग पॉडचं, उलट कधीच नाही, हात धुऊनसुद्धा नाही.

बाकी रीत सोपी आहे. दोन लिटरची पारदर्शक बाटली ब्लीचने धुऊन, क्लोरीन मारायचं औषध टाकून, पुन्हा खळखळून घ्या. मिठाचं पाणी, त्यात एफ-टू नावाचं खत बाटलीवर लिहिलंय तेवढंच, आणि नॅनोक्लोरोप्सिस या हिरव्या सूक्ष्म शेवाळाचं विरजण, हो मी त्याला विरजणच म्हणते, बाटलीचा पाचवा हिस्सा तरी पाहिजे. विरजण कमी पडलं तर दुसरं काहीतरी आधी माजतं, तुमचं हिरवं न होण्याचं कारण बहुधा हेच. साधा पांढरा एलईडी दिवसाला सोळा तास, हवा जरा जोरात, कारण शेवाळ खाली बसलं की मरतं. आठ-दहा दिवसांत पाणी इतकं गडद हिरवं होतं की पलीकडे धरलेलं बोट दिसत नाही. मग अर्धं काढून फ्रिजमध्ये, अर्ध्यात नवं पाणी नि खत. फ्रिजमधली बाटली रोज एकदा हलवायची, दोन-तीन आठवडे सहज टिकते. वापरण्याआधी वास घ्या, समुद्रासारखा, गवतासारखा वास बरा, सडका वास आला की ओतून द्या.

हात बसला की आयसोक्रिसिस हे दुसरं शेवाळ करून बघा, सोनेरी तपकिरी असतं, डीएचए नॅनोक्लोरोप्सिसपेक्षा खूप जास्त, पण सांभाळायला जरा नाजूक. नॅनोमध्ये ईपीए चांगलं. दोन्ही मिसळून दिलं तर पॉड आणि मासे दोघांचंही भलं. एकाच वेळी दोन्ही सुरू करू नका मात्र, आधी नॅनो तीन महिने न बिघडवता चालवून दाखवा.

प्रश्न : आर्टेमियाची अंडी घालतो पण निम्मीसुद्धा फुटत नाहीत, आणि जी फुटतात ती पिल्लं टरफलांपासून वेगळी करता येत नाहीत. शिवाय कुठेतरी ऐकलं की आर्टेमियात काही दम नसतो, मग करायचं कशाला?

दम असतो, पण वेळेचं गणित आहे. अंड्यातून बाहेर पडलेल्या पिल्लाच्या अंगात स्वतःचा बलक असतो, केशरी रंगाचा, तोच त्याचा दम. पहिल्या अवस्थेत त्याला तोंडच उघडलेलं नसतं, ते त्या बलकावरच जगतं. सहा-आठ तासांत पहिली कात पडते, तोंड उघडतं, आणि तोवर बलक कमी व्हायला लागलेला असतो. म्हणजे सकाळी फुटलेली पिल्लं संध्याकाळी घातलीत तर तुम्ही माशाला दम उतरायला लागलेली पिल्लं देताय. म्हणून फुटल्या फुटल्या द्या, उरलेली फ्रिजमध्ये ठेवा म्हणजे बलक हळू संपतो. दुसरा मार्ग, तोंड उघडल्यावर त्यांनाच बारा-चोवीस तास आयसोक्रिसिस किंवा एनरिचमेंटचं (पोषण वाढवणारं) खाद्य खायला घालायचं आणि मग माशाला. एवढं करूनही आर्टेमियात डीएचए कोपेपॉडइतकं टिकत नाही, म्हणून मी आर्टेमियाला रोजचं जेवण म्हणत नाही, वरच्या मँडरिनसारख्या अडचणीत ते हाताशी हवं म्हणून शिकून ठेवायचं.

फुटत नाहीत याची कारणं साधारण तीन, पाणी गार, हवा कमी, अंडी दमट. पंचवीस ते अठ्ठावीस डिग्री, लिटरला पंचवीस-तीस ग्रॅम मीठ, लिटरला एक ग्रॅमपेक्षा जास्त अंडी नाहीत, आणि दिवा पहिल्या काही तासांत तरी लागलेला हवाच, अंड्याला उजेडानेच जाग येते. बाटली तळाशी निमुळती हवी. साधी प्लास्टिकची बाटली बूड कापून उलटी टांगली तरी चालते, हवेची नळी अगदी टोकापर्यंत, म्हणजे एकही अंडं कोपऱ्यात बसून राहणार नाही. इथे मात्र हवा जोरात, पॉडच्या बरणीच्या अगदी उलट. डबा एकदा उघडला की घट्ट बंद करून फ्रिजमध्ये, ओलसर हवा लागली की अंडी वाया.

वेगळं करायचं ते असं. चोवीस तासांनी हवा बंद करा, बाटलीचा वरचा भाग कापडाने झाका आणि खाली टॉर्च लावा. दहा मिनिटं, जास्त नाही, नाहीतर तळाला गर्दीत गुदमरतात. रिकामी टरफलं वर तरंगतात, पिल्लं उजेडाकडे ओढली जाऊन खाली केशरी ढगासारखी जमतात, न फुटलेली अंडी अगदी टोकाला बसतात. आधी टोकाचं थोडं पाणी सोडून द्या, मग केशरी ढग चाळणीत घ्या, साध्या पाण्याने पटकन धुवा. टरफलं माशाच्या पिल्लांच्या पोटात गेली तर आतडं तुंबू शकतं, म्हणून इथे आळस नको.

प्रश्न : रात्री टॉर्च मारली की काचेवर बारीक पांढरे जीव पळताना दिसतात. हे पॉडच का? धोका कसा ओळखू? आणि माशांना औषध दिलं तर हे मरतील का?

झटके देत, थांबत थांबत सरळ रेषेत पळतात ते कोपेपॉड. त्याहून मोठे, बाजूने चपटे, पाठीत वाकलेले, आडवे पडून सरपटणारे ते ॲम्फिपॉड, तेही चांगलेच. वरून दाबल्यासारखे चपटे ते आयसोपॉड, बहुतेक निरुपद्रवी, पण त्यांच्यातलेच सिरोलॅनिड माशाच्या अंगाला चिकटून रक्त पितात, मोठ्या डोळ्यांचे आणि पोहायला भयंकर चपळ असतात. माशाच्या अंगावर तसं काही दिसलं तर थांबू नका, लगेच काढा. पाय न हलवता घसरत जाणारे ते चपटे कृमी, पॉड नव्हेत. आणि ॲक्रोपोरा कोरलच्या फांद्यांवर अर्ध्या मिलिमीटरचे पिवळे, मधे लाल ठिपका असलेले जीव दिसले तर ते टेगॅस्टेस, लोक रेड बग म्हणतात. गंमत अशी की तेही कोपेपॉडच, फक्त कोरलवर जगणारे.

औषधाचं मात्र नीट ऐका. तांबं असलेलं कुठलंही औषध रीफ टँकमध्ये घालायचं नाही, पॉड तर मरतातच, कोळंबी, शंख आणि कोरलही जातात. आजारी मासा वेगळ्या टँकमध्ये नेऊन तिथे औषध. त्या टँकची जाळी, बादली, नळी पॉडच्या बरणीला कधीच वापरायची नाही. रेड बगवर वापरतात ते मिल्बेमायसिन चांगल्या पॉडना वेगळं ओळखत नाही, तेही जातात, म्हणून असं औषध करायच्या आधी एक बरणी बाजूला सुरक्षित भरून ठेवा, उपचार संपून पाणी बदललं की त्यातून पुन्हा वस्ती करता येते.

प्रश्न : ताई, मी शाळेत आहे. आमच्याकडे मोठा टँक नाही, पण काकांनी त्यांच्या टँकसाठी मला एका बरणीत लाल पॉड सांभाळायला दिलेत. मी रोज भिंगाने बघते. काहींच्या पोटाखाली काळपट गोळी आहे आणि काही दोघं दोघं चिकटून पोहतात. ते आजारी आहेत का?

अजिबात नाहीत गं, तुझं पत्र वाचून मला सगळ्यात जास्त आनंद झाला, कारण तू रोज बघतेस, आणि पॉड सांभाळणाऱ्याचं खरं काम तेच आहे.

ती गोळी म्हणजे अंड्यांची पिशवी. टिग्रिओपसची मादी अंडी सोडून देत नाही, फुटेपर्यंत स्वतःबरोबर घेऊन फिरते. सुरुवातीला पिशवी हिरवट-काळपट असते आणि आत पिल्लं तयार होत जातात तशी ती केशरी-लाल व्हायला लागते. केशरी झाली की समज, आता पिल्लं येणार. आणि जे दोघं चिकटून पोहतात त्यात मागचा नर आहे. त्याच्या डोक्यावरच्या मिशांसारख्या अवयवांना आकडे असतात, त्याने तो लहान, अजून पूर्ण न वाढलेल्या मादीला धरून ठेवतो, आणि ती मोठी होईपर्यंत कित्येक दिवस सोडत नाही. मादीचं मीलन आयुष्यात एकदाच होतं, पण तेवढ्यावर ती एकामागून एक पिशव्या भरत राहते. म्हणून काकांना सांग, बरणीत दोन-चार पिशवीवाल्या माद्या आहेत म्हणजे काळजी नको.

आता तू एक कर. केशरी पिशवीवाली एक मादी ड्रॉपरने उचल, ड्रॉपरचं तोंड जरा रुंद असू दे म्हणजे तिला इजा होणार नाही, आणि तिला छोट्या काचेच्या वाटीत बरणीचंच थोडं पाणी घेऊन ठेव. वाटी झाकून ठेव, उन्हात नको, पाणी आटू देऊ नकोस. वाटीखाली काळा कागद ठेवून सकाळ-संध्याकाळ भिंगाने बघ. एक दिवस तिची पिशवी गेलेली दिसेल आणि वाटीत धुळीच्या कणाएवढे, थांबत थांबत झटके देणारे ठिपके असतील. त्यांना आईसारखं लांबट अंग नसतं, वाटोळं अंग, पायांच्या तीन जोड्या, आणि पुढे मधोमध एकच लाल डोळा. तो डोळा दिसायला तुझं भिंग कमी पडेल कदाचित, शाळेत सूक्ष्मदर्शक असेल तर थेंबभर पाणी तिथे घेऊन जा. मोजता येतील तेवढे मोज, वहीत तारीख घाल, आणि मग सगळ्यांना परत बरणीत सोड. आई पुन्हा पिशवी भरते का, आणि किती दिवसांनी, ते मला नक्की लिहून कळव.